वाफ, दाब आणि वैनगंगेचं पाणी

विदर्भातल्या हिवाळी लग्नांत एका मशीनपुढे हमखास गर्दी असते. स्टीलचा चकचकीत उभा बंब, खाली गॅसची शेगडी, वर दाब दाखवणारा काटा आणि बाजूला एक बारीक नळी. मशीनवाला कपात फेटलेली साखर-कॉफी टाकतो, दूध ओततो, नळी त्यात बुडवून कॉक फिरवतो. कर्कश आवाज होतो, दूध फेसाळून काठापर्यंत येतं, वर चॉकलेट पावडरची चिमूट पडते. फलकावर लिहिलेलं असतं : 'एक्सप्रेसो कॉफी'.

कारधा-भंडाऱ्याकडून पुण्याला, बंगळुरूला नोकरीसाठी गेलेली माझ्या वयाची मुलं परत आली की या फलकाला हसतात. एक तर म्हणे स्पेलिंग चुकलंय, आणि दुसरं म्हणजे ही एस्प्रेसो नाहीच. दुसरा आक्षेप बरोबर आहे. त्या बंबात फक्त पाणी आणि वाफ असते, कॉफीची पूड त्यातून जातच नाही. पण ते मशीन एका खऱ्या इतिहासाचा अर्धा तुकडा आहे. उरलेला अर्धा तुकडा हल्ली लोकांच्या ओट्यावर येऊ लागलाय, माझ्याही आलाय. मी त्याचा उपयोग सगळ्यात जास्त गार कॉफीसाठी करतो, म्हणजे कोल्ड ब्रूसाठी. गरम वाफेचं मशीन गार कॉफीपर्यंत कसं पोचलं याला सव्वाशेहून जास्त वर्षांचा इतिहास आहे. आणि तो कारध्याला आला की पाण्यापाशी अडतो.

शब्दाचा घोळ

आधी स्पेलिंगचं. इटालियन भाषेत 'एस्प्रेसो' या शब्दाला दोन-तीन अर्थ चिकटलेले आहेत. दाबून बाहेर काढलेलं, हा एक. खास तुमच्यासाठी, तुम्ही मागितल्यावर केलेलं, हा दुसरा. आणि 'एक्सप्रेस' गाडीतला झटपटपणा, हा तिसरा. फ्रेंच लोक तर सरळ 'कॅफे एक्सप्रेस' म्हणत आले आहेत. तेव्हा आपल्या मांडवातला 'एक्स' अगदीच अडाणी नाही. ज्या काळात ही कॉफी जन्मली, तो रेल्वेचा आणि वाफेचा काळ होता. वेग ही तेव्हाची मोठी हौस होती आणि वेगाचा आवाज म्हणजे वाफेचा आवाज.

पहिला टप्पा : मोठा कुकर

१८८४ साली इटलीतल्या तुरीन शहरात एक मोठं प्रदर्शन भरलं होतं. तिथे अँजेलो मोरिओंदो नावाच्या माणसाने वाफेवर चालणारं कॉफीचं मशीन मांडलं आणि त्याच वर्षी त्याचं पेटंटही घेतलं. त्यातून एका वेळी पुष्कळ कॉफी निघायची, एकेका कपाची नाही. ते काम मिलानच्या लुईजी बेझेराने केलं. त्याचं पेटंट १९०१ सालचं. दांडी असलेल्या गाळणीत पूड भरायची, ती मशीनला अडकवायची आणि दाबाखालचं गरम पाणी तिच्यातून खाली कपात सोडायचं. आजच्या प्रत्येक मशीनची गाळणी या कल्पनेतून आलेली आहे. बेझेराकडून ते हक्क देसिदेरिओ पावोनीने विकत घेतले, आणि १९०६च्या मिलानच्या प्रदर्शनात लोकांनी ही झटपट कॉफी चाखली.

बेझेराच्या मशीनचं काम समजायला आपला प्रेशर कुकर पुरेसा आहे. बंद भांड्यात पाणी तापवलं की वाफ कोंडते आणि दाब वाढतो. दाब वाढला की पाणी १०० अंशांना उकळत नाही, त्याच्या वर जातं. कुकरमध्ये ते साधारण १२० अंशांपर्यंत पोचतं, म्हणून डाळ लवकर शिजते. डाळीसाठी हे उत्तम, पण कॉफीला ते मानवत नाही. कॉफीची पूड ९० ते ९५ अंशांच्या पाण्यावर खूश असते. त्याहून तापलेलं पाणी आणि वाफ तिच्यातून गेली की कडवट, करपट चव उतरते. आणि एवढं करूनही त्या मशीनमध्ये दाब मिळायचा दीड-दोन बार, म्हणजे हवेच्या दाबाच्या दीड-दोन पट जास्त.

खरी अडचण अशी होती की वाफेच्या मशीनमध्ये उष्णता आणि दाब ही एकाच दोरीला बांधलेली जोडी आहे. एक वाढवलं की दुसरं वाढणारच. आज एस्प्रेसोसाठी ९ बार दाब प्रमाण मानतात. तेवढा दाब फक्त वाफेने आणायचा ठरवला तर पाणी जवळपास १८० अंशांवर न्यावं लागेल. त्यातून जे निघेल त्याला कॉफी म्हणण्यापेक्षा कोळशाचा काढा म्हणणं जास्त बरोबर.

मी दिवसभर सॉफ्टवेअर लिहितो. आमच्या कामात एक डोकेदुखी रोजची असते : दोन गोष्टी एकमेकींत इतक्या गुंतलेल्या असतात की एकीला हात लावला की दुसरी बिघडते. त्यावर उपाय एकच, त्या सुट्या करायच्या. एस्प्रेसो मशीनचा पुढचा सगळा इतिहास मला तसाच दिसतो. दाबाला उष्णतेपासून सुटं करण्याचा तो इतिहास आहे.

दुसरा टप्पा : हाताचा दांडा, मग पंप

ही गाठ सोडवली ती मिलानमधल्याच एका कॉफी बारवाल्याने, आकिले गाज्जा याने. १९३८ साली त्याने पहिलं पेटंट घेतलं, मधे महायुद्ध आलं, आणि युद्धानंतर १९४७-४८च्या सुमारास त्याची स्प्रिंग आणि दांड्याची मशीनं बाजारात आली. माणूस दांडा खाली ओढतो, स्प्रिंग आवळली जाते, दांडा सोडला की स्प्रिंग दट्ट्याला ढकलते आणि दट्ट्या पाण्याला पुडीतून रेटतो. दाब आता वाफेतून येत नव्हता, स्प्रिंगमधून येत होता, त्यामुळे पाणी जास्त तापवायची गरज उरली नाही. दाब एकदम ८-९ बारपर्यंत गेला आणि कपात अशी एक गोष्ट दिसली जी आधी कधी दिसली नव्हती : वर तरंगणारा सोनेरी-तपकिरी फेस. पुडीतला वायू आणि तेलं एवढ्या दाबाखाली पाण्यात मिसळून येतात, त्याचा हा फेस. गिऱ्हाइकांना तो विचित्र वाटायचा. गाज्जाने त्याची जाहिरात 'क्रेमा' म्हणून केली, म्हणजे कॉफीची स्वतःची साय.

पुढची पायरी १९६१ची. फाएमा कंपनीच्या एर्नेस्तो व्हालेन्तेने 'ई-६१' हे मशीन आणलं. त्या वर्षी फेब्रुवारीत इटलीतून खग्रास सूर्यग्रहण दिसलं होतं, त्यावरून हे नाव. त्यात दांडा गेला आणि विजेवर चालणारा पंप आला. आता दाबाचं काम पंपाकडे होतं आणि उष्णतेचं बॉयलरकडे. वाफेकडे तिसरंच काम गेलं, दूध फेसाळण्याचं.

आता मांडवातल्या त्या बंबाकडे परत बघा. एस्प्रेसो मशीनमधून दाब आणि पूड हे दोन्ही काढून टाकलं आणि फक्त वाफेची नळी ठेवली तर जे उरेल, ते आपलं लग्नातलं मशीन. इन्स्टंट कॉफी आणि भरपूर दूध पिणाऱ्या समाजाला मशीनचा नेमका तोच भाग उपयोगाचा होता. जे लागतं ते घेतलं, बाकीचं सोडलं. त्यात हसण्यासारखं मला काही दिसत नाही.

आणखी एक गोष्ट भंडाऱ्याच्या माणसाने लक्षात ठेवावी अशी. 'ई-६१'चा तो जड, चकचकीत तोटीचा भाग पितळेचा असतो, वरून क्रोमचा मुलामा. पितळ उष्णता धरून ठेवतं, म्हणून. नदीपलीकडचं आमचं भंडारा शहर पितळेच्या भांड्यांसाठी ओळखलं जातं. पितळी गंगाळात पाणी किती वेळ गरम राहतं हे आमच्या आज्यांना मिलानवाल्यांनी सांगायची गरज नव्हती.

तिसरा टप्पा : ओट्यावर

घरगुती मशीनं इटलीत लवकर आली. गाज्जाचं 'जिल्दा' १९५२चं, ला पावोनीचं 'युरोपिक्कोला' १९६१चं. दोन्ही हाताच्या दांड्याची. आपल्याकडची वाट वेगळी होती. कॉफी विकली जावी म्हणून १९३६ साली मुंबईत चर्चगेटला इंडिया कॉफी हाउस निघालं. पन्नाशीच्या दशकात कॉफी बोर्डाने ही कॉफी हाउसं बंद करायला घेतली, तेव्हा कामगारांनी सहकारी संस्था काढल्या आणि १९५७पासून इंडियन कॉफी हाउस या नावाने ती स्वतः चालवली. विदर्भात तर चिखलदऱ्याला कॉफीची लागवडही आहे, इंग्रजांच्या काळापासूनची. तरी घराघरांत चहाच राहिला. कॉफी म्हणजे पाहुणे आले की काढायची बाटली.

कारध्यासारख्या गावात एस्प्रेसो मशीन आलं ते घरून काम करण्याच्या दिवसांमुळे. लॅपटॉप घरी आला, त्याच्यामागे इंटरनेट, इन्व्हर्टर आणि शेवटी मशीन. माझं छोटंसंच आहे. बाबांनी पहिल्या दिवशी कपात डोकावून विचारलं, "मशीन एवढी मोठी अन् कॉफी एवढीशीच?" हिशोब त्यांचा चुकीचा नव्हता. १८ ग्रॅम पूड, २५ ते ३० सेकंद, आणि कपात जेमतेम ३६ ग्रॅम कॉफी. पण मे महिन्यात, पारा ४५च्या आसपास असताना, ती एवढीशी गरम कॉफीसुद्धा नको होते.

गार कॉफीची वेगळी वाट

गार कॉफीचा इतिहास दाबाचा नाही, तो वेळेचा आहे. १८४०च्या सुमारास अल्जीरियात मझाग्रानच्या किल्ल्यावरचे फ्रेंच सैनिक कॉफीत थंड पाणी घालून पीत, आणि 'मझाग्रान' हे गार कॉफीचं नावच पडलं. स्कॉटलंडमध्ये १८७६ साली 'कॅम्प कॉफी' निघाली, कॉफी आणि चिकोरीचा बाटलीतला घट्ट अर्क. भारतात लढणाऱ्या स्कॉटिश पलटणीसाठी तो केला अशी कथा आहे आणि बाटलीवरच्या चित्रातही भारतातला लष्करी तंबू आहे. हे दोन्ही प्रकार मुळात गरम पाण्यातलेच. जपानमध्ये मात्र उंच काचेच्या नळकांड्यांतून थेंब थेंब थंड पाणी पुडीवर सोडून कॉफी करण्याची पद्धत रुजली. आणि १९६४ साली अमेरिकेत टॉड सिम्प्सन या रसायन अभियंत्याने, लॅटिन अमेरिकेच्या सफरीत कॉफीचा गार अर्क चाखून आल्यावर, घरी पूड भिजत घालायचं साधं भांडं बनवलं. 'टॉडी' नावाने ते आजही मिळतं.

कृती इतकी सोपी की तिला कृती म्हणायलाही संकोच वाटावा. जाडसर पूड गार पाण्यात १२ ते १८ तास भिजवायची आणि गाळायची. गरम पाणी कॉफीतली आंबट आणि कडवट द्रव्यं भराभर ओढून घेतं, गार पाणी ती कमी आणि सावकाश ओढतं, म्हणून चव गुळगुळीत, गोडसर लागते. तोटा एकच. जो वास गरम कॉफीतून दरवळतो, तो यात फारसा नसतो. त्यासाठी उष्णताच लागते.

इथे दोन वाटा एकत्र येतात. अलीकडे काही कंपन्यांनी घरगुती एस्प्रेसो मशीनमध्येच कोल्ड ब्रूचं बटण दिलंय. बॉयलर बंद, पंप चालू. न तापवलेलं पाणी पंप कमी दाबाने पुडीतून थांबत-थांबत ढकलतो आणि डेलाँगीसारखी कंपनी पाच मिनिटांच्या आत कॉफी तयार होते असं सांगते. रात्रभर मुरलेल्या कॉफीची सर त्याला येते का यावर वाद होऊ शकतो. पण इतिहास म्हणून पाहिलं तर हे बटण मला फार महत्त्वाचं वाटतं. १८८४ला उष्णता आणि दाब एकमेकांत गुंतलेले होते. गाज्जाने ती गाठ सैल केली, फाएमाने सोडवली, आणि या बटणाने उष्णता पूर्णच काढून टाकली. वाफेच्या मशीनच्या वंशात वाफेवाचून चालणारं मशीन जन्मलं. मी इंजिनिअर आहे, मला हे फार सुंदर वाटतं. पण मी कारध्यात राहतो, आणि इथे त्याला एक अडचण आहे.

कोणाच्या खोलीचं तापमान?

कोल्ड ब्रूच्या बहुतेक कृतींत एक वाक्य असतं : रूम टेंपरेचरला बारा तास ठेवा. ती खोली कुठली, हे लिहिलेलं नसतं. लिहिणाऱ्याच्या मनात २०-२२ अंशांची खोली असते. कारध्यात मे महिन्यात कूलर बंद असलेली खोली रात्रीही त्याच्या बरीच वर असते. भिजवलेलं धान्य रात्रीतून आंबतं, अंबील करायची तर आम्हाला हा उकाडा मदतच करतो. तेच जंतू कॉफीच्या बरणीतही सुखाने वाढतात. म्हणजे बरणी फ्रीजमध्ये हवी. फ्रीज म्हटलं की वीज आली. ज्या गावांनी बारा-बारा तासांचं लोडशेडिंग पाहिलंय, त्यांना 'रात्रभर फ्रीजमध्ये ठेवा' हे वाक्यसुद्धा थोडं जपूनच वाचावं लागतं.

पण विजेहून मोठा प्रश्न पाण्याचा. कपातल्या कॉफीत जवळजवळ सगळं पाणीच असतं. आणि आमचं पाणी म्हणजे वैनगंगा.

कारधा नदीच्या एका काठाला, भंडारा दुसऱ्या काठाला. पावसाळ्यात बातम्यांत कारध्याच्या पुलावरची पाणीपातळी मीटरमध्ये सांगतात, आणि २०२०च्या ऑगस्टअखेरीस नदी काय करू शकते ते दोन्ही काठांनी पाहिलं. नदीच्या खालच्या अंगाला पवनी तालुक्यात गोसेखुर्द धरण आहे. १९८८ साली राजीव गांधींच्या हस्ते त्याचं भूमिपूजन झालं. आता हा प्रवास नकाशावर बोटाने बघा. नागपूरचं सांडपाणी नाग नदीत जातं, नाग नदी कन्हानला मिळते, कन्हान अंभोऱ्यापाशी वैनगंगेला मिळते. पूर्वी ते पाणी खाली वाहून जायचं. आता खाली धरण आहे, पाणी अडतं आणि फुगवटा मागे सरकत भंडारा-कारध्याकडे येतो. वाहती नदी तलावासारखी उभी राहिली. भंडाऱ्याच्या पिण्याच्या पाण्याचा प्रश्न त्यातूनच वर्षानुवर्षं गाजतोय. ज्या घरांना परवडतं त्यांच्याकडे आरओ आहे किंवा दारात वीस लिटरचा कॅन येतो. बाकीची घरं गाळतात, तुरटी फिरवतात, उकळतात.

आपल्याकडे चहा का जिंकला याची पुष्कळ कारणं सांगता येतील : कंपन्यांच्या जाहिराती, साखर, दूध, स्वस्त पूड. पण टपरीवरच्या चहाचा एक गुण जाहिरातीत कधी आला नाही. तो उकळलेला असतो. कुठल्याही स्टँडवर पाणी प्यायला घाबरणारा माणूस चहा निर्धास्त पितो. उष्णता फक्त चव उतरवत नव्हती, ती पाण्याची हमी देत होती. लग्नातल्या त्या बंबाची वाफही नकळत तेच काम करते.

गार पेयाला ही हमी नाही. पाण्यात जे आहे ते बारा तास पुडीसोबत बरणीत बसतं आणि मग ओठांना लागतं. कॉफीतून उष्णता काढून टाकण्याची चैन त्याला परवडते ज्याच्या नळाचं पाणी आधीच भरवशाचं आहे. मिलानमध्ये, ह्यूस्टनमध्ये, क्योतोमध्ये हा भरवसा एखाद्या पालिकेने, कुठल्यातरी जलशुद्धीकरण केंद्राने, कराच्या पैशातून दिलेला असतो. म्हणून तिथल्या कृतीत तो लिहावा लागत नाही. आमच्या कृतीत तो लिहावा लागतो.

इथली कृती

म्हणून माझ्या घरी कोल्ड ब्रूची सुरुवात गरम पाण्यानेच होते. एक दिवस आधी पाणी खळखळ उकळून, झाकून, गार करून फ्रीजमध्ये ठेवायचं. ६० ग्रॅम कॉफी जाडसर दळायची, रव्याहून जाड. एस्प्रेसोसाठी दळलेली बारीक पूड चालत नाही, गाळताना कापड तुंबतं. मग मशीनच्या नळीतून १२० ग्रॅम गरम पाणी त्या पुडीवर सोडायचं आणि पाऊण मिनिट थांबायचं. पूड फुगते, वास सुटतो. गार पाण्याला जो वास जमत नाही तो या पाऊण मिनिटात उतरतो. लगेच वरून ४०० ग्रॅम उकळून गार केलेलं पाणी ओतायचं, झाकण लावायचं, फ्रीजमध्ये बारा तास. सकाळी गाळायचं आणि दोन-तीन दिवसांत संपवायचं. पिताना बर्फ घालायचा असेल तर तोही उकळलेल्या पाण्याचाच. आणि अगदीच हौस असेल तर वरून मशीनमधून एक छोटी एस्प्रेसो सोडायची. काळ्या गार कॉफीवर गाज्जाचा तो सोनेरी फेस थोडा वेळ तरंगतो.

दर महिन्याला मशीन लिंबाच्या सत्वाच्या पाण्याने धुवावं लागतं, कारण क्षार बसतात. त्या पाण्यातून पांढरे कण निघतात तेव्हा आई म्हणते, "हेच आपल्या पोटात जात होतं ना?" मी तिला सांगतो की क्षारांनी फक्त मशीन बिघडतं, माणसाला त्यांचा फारसा त्रास नाही. त्रास ज्याचा आहे ते डोळ्यांना दिसत नाही आणि लिंबाच्या सत्वाने जातही नाही.

सव्वाशे वर्षांत इंजिनिअरांनी मशीनमधून उष्णता वेगळी काढली, हे काम पेटंट घेऊन, पंप बसवून झालं. पाण्याचं काम तसं होणार नाही. त्यासाठी नागपूरच्या सांडपाण्याची प्रत्येक नाली शुद्धीकरण केंद्रापर्यंत पोचावी लागेल आणि अंभोऱ्याला कन्हानचं पाणी स्वच्छ उतरावं लागेल. ते होईपर्यंत मशीनवरचं गार पाण्याचं बटण मला उपयोगाचं नाही. मी गरम पाण्याचंच दाबतो, आणि बरणीवर तारीख लिहून ठेवतो.